दहा वर्षांनी दारावर पाटी कोणाची?

वरळीच्या बीडीडी चाळींतील 556 कुटुंबांच्या हाती 14 ऑगस्ट 2025 रोजी नव्या घरांच्या किल्ल्या पडल्या. 160 चौरस फुटांच्या एका खोलीत तीन-तीन पिढ्यांचे संसार केलेल्या या माणसांना 500 चौरस फुटांचे, मालकीहक्काचे आणि आतच संडास-न्हाणीघर असलेले घर मिळाले, ही गोष्ट लहान नव्हे. या पुनर्विकासाचे भूमिपूजन एप्रिल 2017 मध्ये झाले होते. गरिबांच्या घरांच्या घोषणा मुंबईत पुष्कळ होतात आणि भिंती थोड्याच उभ्या राहतात. येथे त्या खरोखरीच उभ्या राहिल्या. त्याबद्दल ज्यांचे अभिनंदन करावयाचे त्यांचे ते मोकळ्या मनाने केले पाहिजे. मध्यरात्री आजारी म्हाताऱ्या आईला आधार देत बोळातल्या सामाईक संडासापर्यंत नेण्याची पाळी ज्यांच्यावर कधी आली नाही, त्यांनी या नव्या घराचे मोल कमी लेखू नये.

परंतु अभिनंदन करून झाल्यावर एक प्रश्न उरतो, आणि किल्ल्या वाटण्याच्या समारंभात तो सहसा कोणी विचारीत नाही. आणखी दहा वर्षांनी या दारांवर पाटी कोणाची असेल? ज्यांच्या नावाने आज किल्ली दिली गेली, त्यांचीच मुलेबाळे तेथे नांदत असतील, की घर भाड्याने देऊन अथवा विकून ती बदलापूर-विरारच्या गाडीला लोंबकळत कामावर येत असतील? आमच्या मते या योजनेचे यशापयश याच एका प्रश्नाच्या उत्तरावर ठरावयाचे आहे. बांधलेल्या मजल्यांची आणि वाटलेल्या किल्ल्यांची मोजदाद सोपी असते. टिकलेल्या वस्तीची मोजदाद अवघड असते, आणि म्हणूनच ती टाळली जाते.

मुळात या चाळी कशा उभ्या राहिल्या, हे आठवले म्हणजे प्रश्नाचे स्वरूप स्पष्ट होते. 1856 मध्ये ताडदेवला पहिली कापडगिरणी सुरू झाली आणि पुढच्या पन्नास वर्षांत कोकण, सातारा, पुणे, अहमदनगर या मुलखांतून माणसांचा लोंढा मुंबईकडे वळला. माणसे आली, त्यांच्या राहण्याची सोय मात्र कोणी केली नव्हती. 1896 च्या प्लेगने शहराच्या मालकांची झोप उडविली, तेव्हा 1898 मध्ये इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. पुढे 1920 मध्ये, सर जॉर्ज लॉइड गव्हर्नर असताना, बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट हे खाते जन्मास आले. त्याच्याच आद्याक्षरांवरून या चाळींना नाव पडले. पन्नास हजार खोल्या बांधण्याचा मूळ संकल्प होता. प्रत्यक्षात 207 चाळींवर गाडी थांबली: वरळीला 121, नायगावला 42, डिलाइल रोडला म्हणजे आजच्या ना. म. जोशी मार्गावर 32 आणि शिवडीला 12. तळमजला धरून चार मजले, एका मजल्यावर वीस खोल्या, मधून जाणारा लांबलचक बोळ आणि सामाईक संडास. कामगाराला गिरणीपासून चालत जाण्याच्या अंतरावर ठेवावयाचे, एवढाच या बांधकामामागचा हिशेब होता. त्याने जगावे कसे, हा हिशेब त्याचा त्यालाच मांडावा लागला.

आणि तो त्याने मांडला. गिरणगावचा दिवस घड्याळावर चालत नसे, भोंग्यावर चालत असे. पहिल्या पाळीचा भोंगा होण्याच्या कितीतरी आधी, पहाटे चारच्या सुमारास, बायका नळावर हंडे-कळशा लावून उभ्या असत. स्टोव्ह फरफरू लागे, भाकऱ्या थापल्या जात आणि डबे भरले जात. पहिल्या पाळीचा माणूस बाहेर पडे तेव्हा रात्रपाळीचा माणूस परत येई, आणि एकाने सोडलेल्या वळकटीवर दुसरा अंग टाकी. खोलीतील लहान मुलांनी त्या वेळी आवाज करावयाचा नाही, हा नियम त्यांना बोलता येण्यापूर्वी समजत असे. अनेक खोल्या तर गावकीच्या असत. एका गावचे वीस-पंचवीस पुरुष एका खोलीत राहत. भिंतीशी प्रत्येकाची पत्र्याची एक पेटी, आणि त्या पेटीएवढाच त्याचा मुंबईवरचा हक्क. बायकापोरे गावी आणि मनीऑर्डर हा संसाराचा धागा. गणपतीला आणि शिमग्याला गाड्या भरभरून माणसे कोकणात उतरत, ती याच खोल्यांतून.

या एकट्या पुरुषांना दोन वेळचे अन्न कोण घालीत होते? शेजारच्या खोलीतील एखादी बाई. तिचा नवरा मेलेला असे, आजारी असे किंवा नुसताच बदली कामगार असे. बदलीला काम मिळाले तर दिवस आपला. दहा-पंधरा माणसांची खाणावळ ती एका चुलीवर चालवी आणि पैसे पगाराच्या दिवशी घेई. तोवर किराणा वाण्याकडून उधारीवर, आणि वाण्याने हात आखडला की दागिना सावकाराकडे. गिरणगावातल्या अर्थशास्त्राचा हा खरा पाया कोणत्याही गिरणीच्या ताळेबंदात दिसला नाही. प्रेमा पुरव यांनी 1975 मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन केले आणि खाणावळवाल्या बायकांना बँकांची दारे उघडून दिली, तेव्हा कुठे या कष्टांना लोकांच्या लेखी उद्योगाचा दर्जा मिळाला.

शेजाराचे मोल येथे नीट समजून घेतले पाहिजे. चाळीतील शेजार हा स्वभावाच्या चांगुलपणाचा भाग होता, त्याहून अधिक तो गरजेचा भाग होता. बाई कामावर गेली तर मूल कोणी सांभाळावयाचे? शेजारणीने. घरात मरण झाले तर तिरडीचे सामान कोणी आणावयाचे? मजल्याने. मुलीच्या लग्नाला पैसे कमी पडले तर? भिशी. गावाहून पोरगा आला, त्याला खात्यात चिकटवावयाचे तर मुकादमाकडे शब्द कोणी टाकावयाचा? त्याच बोळातल्या एखाद्या जुन्या साचेवाल्याने. ज्यांच्या बँकेत ठेवी नव्हत्या, ज्यांचा विमा नव्हता आणि ज्यांची नोकरी कायमची नव्हती, त्यांनी बोळाच्या दोन्ही बाजूंच्या उघड्या दारांतून आपला विमा उभा केला होता. वर्गणीचा गणपती, भजनी मंडळ, व्यायामशाळा, कबड्डीचा संघ, कामगार कल्याण केंद्रातली नाटके, वरळीच्या जांबोरी मैदानावरच्या सभा ही सारी त्याच व्यवस्थेची उत्सवी बाजू. ना. म. जोशी यांनी 1911 मध्ये सोशल सर्व्हिस लीग स्थापून रात्रशाळा आणि वाचनालये चालविली, ती या वस्तीला शिकण्याची भूक होती म्हणून चालली. परळच्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या चाळीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर वीस वर्षांहून अधिक काळ राहिले. अशा खोलीतून काय घडू शकते, याचे याहून मोठे उदाहरण द्यावयास नको.

चाळीचे गोडवे गाण्यासाठी आम्ही हे लिहीत नाही. ज्यांनी चाळ सोडली त्यांनाच चाळीची आठवण अधिक गोड लागते, हा आपल्या मध्यमवर्गाचा नेहमीचा अनुभव आहे. गिरगावातील दोन खोल्या सोडून पार्ल्याला अथवा डोंबिवलीला गेलेल्यांनी गॅलरीतल्या गप्पांवर पुष्कळ लिहिले. नळावरच्या भांडणांवर त्या मानाने थोडेच लिहिले गेले. प्रत्यक्षात त्या खोलीत नव्या सुनेला कपडे बदलावयास आडोसा नव्हता. कापसाचे तंतू श्वासातून छातीत भरत आणि खोकला अंधाऱ्या खोलीत वस्तीला येई; शिवडीच्या क्षयरुग्णालयाची वाट गिरणगावातल्या किती घरांना ठाऊक होती, हे जुन्या माणसांना विचारावे. दारू होती, मारहाण होती, आणि उघड्या दारामुळे ती सर्वांना ऐकू जात असूनही बाईला सोडवावयास प्रत्येक वेळी कोणी धावे असे नाही.

जातीचेही तेच. गिरणीच्या साचाखात्यात अस्पृश्य मानलेल्यांना प्रवेश नव्हता, कारण धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे आणि इतरांना त्यांचा विटाळ होई. 1928 च्या संपात डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न धसास लावला. पण गिरणीच्या दाराशी जी जात उभी होती ती चाळीच्या जिन्याशीही उभी होती. 1974 च्या जानेवारीत वरळीच्या याच चाळींत दलित आणि सवर्ण वस्त्या एकमेकींसमोर उभ्या ठाकल्या आणि ती दंगल पुढे दीर्घकाळ धुमसत राहिली. तेव्हा ‘चाळ म्हणजे एक कुटुंब’ हे वाक्य भाषणात शोभते, इतिहासात ते तपासून घ्यावे लागते. ज्याला शेजार म्हणावयाचे तो भांडणांसकट, भेदांसकट शेजार होता. तरीही तो होता, आणि कठीण काळी तोच उपयोगी पडला.

तो कठीण काळ 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झाला. डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. हा संप अधिकृतपणे कधी मागे घेतला गेलाच नाही; तो विरत गेला आणि त्याबरोबर गिरण्याही विरत गेल्या. पगार थांबले त्या दिवसांत या वस्तीत चूल कशी पेटत राहिली? वाण्याने वही लांबविली. खाणावळवालीने अर्ध्या पैशांत, पुढे पैशांवाचूनही, ताट वाढले. ज्या बायकांनी कधी उंबरा ओलांडला नव्हता त्या पोळ्या लाटावयास, डबे पोचवावयास आणि धुण्याभांड्यांची कामे करावयास निघाल्या. त्यांची मुले शेजारच्या आजीच्या खोलीत वाढली. पुष्कळ घरे गावी परतली, पुष्कळ मोडली, काही पोरे वाईट मार्गाला लागली. परंतु जी तगली ती कोणत्याही सरकारी योजनेवर तगली नाहीत. त्यांच्याजवळ दोनच गोष्टी होत्या: नाममात्र भाड्याची खोली आणि बोळातला शेजार. नोकरी गेल्यावरही मुंबईत टिकून राहण्याची ताकद या दोन गोष्टींनी दिली.

नंतर जमिनीचा खेळ झाला. 1991 च्या विकास नियंत्रण नियमावलीने गिरण्यांच्या जमिनीचे साधारणपणे तीन वाटे केले होते: एक मोकळ्या जागेसाठी महापालिकेला, एक सार्वजनिक घरांसाठी म्हाडाला, एक मालकाला. 2001 च्या दुरुस्तीने हे वाटे केवळ आधीपासून मोकळ्या असलेल्या जागेपुरते उरले, आणि मार्च 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो बदल ग्राह्य ठरविला. शहराच्या वाट्याला येऊ शकली असती ती जमीन चिमूट-चिमूट झाली. जेथे साचे खडखडत होते तेथे बाजारपेठा, कचेऱ्या आणि उपाहारगृहे आली. साचेवाल्याचा नातू आज तेथे काम करतो हे खरे. पण बहुधा तो दारावरचा पहारेकरी असतो, सफाईच्या ठेक्यावर असतो किंवा पाठीवर खोका बांधून दुसऱ्यांचे जेवण पोचवीत असतो. त्याच्या आजोबांना निदान युनियन होती, भविष्यनिर्वाह निधी होता. त्याला ठेकेदार आहे.

आता या नातवाच्या हाती 500 चौरस फुटांच्या घराची किल्ली आली आहे. चाळीस मजल्यांच्या इमारतीतले हे घर आहे. लिफ्ट चालली पाहिजे, पाणी पंपाने चढले पाहिजे, आग विझविण्याची यंत्रणा सज्ज राहिली पाहिजे, रखवालदार आणि सफाईवाला पगारावर ठेवला पाहिजे. ज्या कुटुंबाने आजवर नाममात्र भाडे भरले त्याला आता दरमहा देखभालीचे पैसे मोजावयाचे आहेत. काही वर्षांचा हा भार शासनाने उचलला तरी ती वर्षे संपतात, आणि लिफ्टची दुरुस्ती नेमकी त्यानंतरच निघते. कमाई मात्र घराबरोबर वाढलेली नाही. शिवाय बोळात जे फुकट मिळत होते ते मनोऱ्यात विकत घ्यावे लागते. मूल सांभाळावयास पाळणाघर, म्हाताऱ्याजवळ बसावयास बाई, अडीनडीला कर्ज. प्रत्येक बंद दरवाजामागे एक-एक खर्च वाढतो. अशा वेळी दलाल येतो आणि या घराचा बाजारभाव सांगतो. तो आकडा त्या कुटुंबाने उभ्या आयुष्यात पाहिलेला नसतो. त्याने घर विकले तर त्याला लोभी म्हणण्याचा अधिकार आपल्यापैकी कोणालाही नाही. पण मग सार्वजनिक जमिनीवर, सार्वजनिक योजनेतून जे उभारले ते शेवटी कोणासाठी उभारले, याचा जाब शासनाला द्यावा लागेल.

यावर विक्रीबंदीचा हुकूम काढणे हा उपाय पुरेसा नाही. पोट भरत नसेल तर माणूस हुकुमातूनही वाट काढतो. उपाय वस्ती टिकविण्याचा हवा, आणि तो अशक्य मुळीच नाही. पहिली गोष्ट, घरांचे वाटप. नुसती सोडत काढून माणसे चाळीस मजल्यांवर विखुरण्याऐवजी, ज्यांची इच्छा असेल त्या जुन्या मजल्यावरच्या शेजाऱ्यांना नव्या इमारतीतही एकत्र ठेवता येते. मात्र जातीच्या आणि धर्माच्या नावाने वेगळे मजले मागण्याची मुभा कोणालाही देऊ नये. दुसरी गोष्ट, सामाईक जागा. चाळीत बोळ होता, अंगण होते, मैदान होते. नव्या इमारतीत काही मजल्यांगणिक बसावयास-उठावयास एक मोकळी जागा आणि तळमजल्यावर बालवाडी, अभ्यासिका, व्यायामशाळा आणि बायकांच्या उद्योगासाठी सामाईक स्वयंपाकघर हवे. वाहनतळासाठी मजलेच्या मजले निघू शकतात, तर पोळीभाजीच्या केंद्रासाठी चार खोल्या निघावयास हरकत नसावी. तिसरी गोष्ट, देखभालीचा निधी. विक्रीच्या इमारतींतून जो नफा म्हाडाला मिळावयाचा आहे, त्यातून एक कायमचा निधी बाजूला काढून त्याच्या व्याजातून देखभालीचा मोठा भाग भागवावा, आणि त्याचा हिशेब दरवर्षी रहिवाशांपुढे उघड मांडावा.

हे झाले ज्यांना घर मिळाले त्यांच्याविषयी. ज्यांना मिळाले नाही त्यांची रांग मोठी आहे. शिवडीच्या 12 चाळी बंदराच्या जमिनीवर आहेत आणि त्यांचे घोडे केंद्र व राज्य यांच्यामध्ये अडले आहे; दोन्ही सरकारे जर एकाच जनतेची असतील तर चाळकऱ्याने कोणत्या दारात उभे राहावे? लालबाग-परळमधील खाजगी मालकीच्या जुन्या चाळी टेकू लावून पावसाळा काढीत आहेत. आणि ज्या गिरणी कामगारांच्या घामावर हा सारा पसारा उभा राहिला, त्यांतील दीड लाखाहून अधिक जणांनी घरासाठी अर्ज केले. त्यांना मुंबईबाहेर शेलू-वांगणीला घरे देण्याची योजना निघाली, तेव्हा त्यांनी रस्त्यावर येऊन विरोध केला. ज्याने मुंबईत आयुष्य घालविले त्याला म्हातारपणी मुंबईच्या सीमेपलीकडे नेऊन सोडणे, याला पुनर्वसन म्हणणे शब्दाचा अपमान आहे.

आमच्या सुशिक्षित वाचकांपैकी काहींना हा प्रश्न आपला नव्हे असे वाटेल. त्यांनी आपल्याच दिनक्रमाकडे एकदा पाहावे. सकाळी घरी स्वयंपाकाला येणारी बाई, कचेरीचा शिपाई, रुग्णालयातील आया, बसचा वाहक, रात्री जिन्याखाली जागणारा रखवालदार ही माणसे कोठे तरी राहतात. ती शहराच्या पोटात राहिली तर शहर चालते. ती रोज दोन-दोन तासांच्या प्रवासावर ढकलली गेली तर त्या प्रवासाची किंमत त्यांच्या झोपेने, त्यांच्या मुलांच्या अभ्यासाने आणि शेवटी साऱ्या शहराच्या स्वास्थ्याने मोजावी लागते. ज्या शहरात कष्टकऱ्याला फक्त कामापुरते यावयाचे आणि अंधार पडताच परत जावयाचे असते, ते शहर कितीही उंच झाले तरी त्याला वस्ती म्हणता यावयाची नाही.

म्हणून आमची मागणी साधी आहे. वरळी, नायगाव आणि ना. म. जोशी मार्ग येथे ज्या ज्या कुटुंबांना घर मिळेल, त्यांची नोंद शासनाने प्रसिद्ध न करता का होईना, पण जपून ठेवावी. दर पाच वर्षांनी त्यांतील किती कुटुंबे त्याच घरात राहत आहेत, किती गेली आणि का गेली, याची पाहणी करून तिचे आकडे विधिमंडळापुढे ठेवावेत. पहिली पाहणी 2030 मध्ये व्हावी. आणखी पाच वर्षांनी, 2035 मध्ये, जेव्हा कोणी एखादा मंत्री या मनोऱ्यांकडे बोट दाखवून सरकारची कामगिरी सांगेल, तेव्हा त्याला दारावरच्या पाट्या वाचून दाखविता आल्या पाहिजेत. त्या पाट्यांवर चाळीतली आडनावे असली, तर ती कामगिरी आम्हीही मान्य करू.